सोडा स्टिरिओबद्दल मामाला, ब्युनोस आयर्सहून

प्रिय मामा,

सा. न. वि. वि.

रविवारी फोनवर तू विचारलंस की तिकडं टँगो सोडून लोक अजून काय ऐकतात, आणि मी सोडा स्टिरिओचं नाव घेतलं तेवढ्यात रेंज गेली. नंतर वाटलं बरंच झालं, कारण हा विषय पाच मिनिटांत फोनवर सांगण्यासारखा नाहीच. तू पंचवीस वर्षं ऑर्केस्ट्रात वाजवलंयस, तुला नीट सांगायला हवं, म्हणून बसून लिहितेय. मोठं होणार आहे, मामीला म्हणावं चहा ठेव आणि मग वाच.

तर सोडा स्टिरिओ म्हणजे इथल्याच ब्युनोस आयर्सचा तीन जणांचा बँड. गुस्ताव्हो सेराती गिटार आणि गाणं, झेटा बोसिओ बेस, आणि चार्ली आल्बेर्ती ड्रम्स. बस, तीनच. सेराती आणि झेटा एकाच युनिव्हर्सिटीत जाहिरातीचा कोर्स करत होते, तिथं ओळख झाली, दोघांनाही 'द पोलीस' आणि तसले इंग्लिश बँड आवडायचे. चार्ली कसा आला ते ऐक. तो सेरातीच्या बहिणीच्या मागे होता, सारखा घरी फोन करायचा, बोलता बोलता त्यानं सांगितलं की मी ड्रम वाजवतो आणि माझे वडील टिटो आल्बेर्ती. आता टिटो आल्बेर्ती म्हणजे इथले जॅझचे फार नावाजलेले ड्रमर, बहिणीनं ते भावाला सांगितलं आणि हे दोघं पोराला ऐकायला गेले. तू नेहमी म्हणतोस नं की ताल घरातूनच येतो, मला पहिल्यांदा ही गोष्ट कळली तेव्हा तूच आठवलास.

हे सगळं 1982 सालचं. आणि ते साल महत्त्वाचं आहे मामा. इथं 1976 पासून लष्करी राजवट होती, माणसं घरातून उचलून नेत होते ती परत येत नव्हती, त्यांच्या आया अजूनही गुरुवारी प्लासा दे मायो चौकात पांढरे रुमाल बांधून फेरी मारतात ते मी तुला आधी लिहिलं होतं. त्या सरकारनं 1982 च्या एप्रिलमध्ये मालविनास बेटांवरून इंग्लंडशी युद्ध काढलं (आपण पेपरात फॉकलंड वाचायचो ते) आणि त्या दिवसांत रेडिओवर इंग्लिश गाणी बंद करून टाकली. आता स्टेशनवाल्यांना दिवसभर काहीतरी लावायला तर पाहिजे, मग स्पॅनिशमध्ये गाणारे इथले जे रॉकवाले तोपर्यंत कोपऱ्यात होते त्यांची गाणी लागायला लागली. जूनमध्ये युद्ध हरले, सरकार खचलं, आणि 1983 मध्ये आल्फोन्सिन राष्ट्राध्यक्ष म्हणून निवडून येऊन डिसेंबरमध्ये लोकशाही परत आली. विचार कर, सात वर्षं दबलेली तरुण पोरं, रात्री बाहेर पडायची भीती गेलेली, आणि नेमके त्याच वेळी हे तिघं छोट्या छोट्या बारमध्ये वाजवतायत, केस पिंजारलेले, डोळ्यांत काजळ. जुन्या रॉकवाल्यांना ते अजिबात पटलं नाही, काय हा नट्टापट्टा म्हणाले, राजकारणावर एक शब्द नाही म्हणाले. पण मला विचारशील तर त्या पोरांना तेव्हा नाचायचंच होतं, आणि नाचता येणं हीच त्या वेळी मोठी गोष्ट होती.

पहिली रेकॉर्ड 1984 ला आली, ती विरुस नावाच्या दुसऱ्या बँडच्या फेदेरिको मोउरानं बसवून दिली. चांगली आहे, टीव्ही, डाएट, श्रीमंतांची पार्टी असल्या विषयांवर उड्या मारत गाणारी. पण खरी गाडी लागली ती 1985 च्या नादा पेर्सोनालपासून. त्यात एक गाणं आहे, कुआंदो पासे एल तेम्ब्लोर. ते तू ऐकच, मी लिंक पाठवते, आणि पहिल्या वेळेला गाण्याकडं लक्ष देऊ नकोस, फक्त ठेका ऐक. बोलिव्हियाच्या बाजूला जो डोंगराळ उत्तर भाग आहे नं, तिथला कार्नावालितो म्हणून लोकनाच आहे, त्याची चाल ह्यांनी उचलली आणि तिच्यावर शहरी पॉपचा साज चढवला. म्हणजे डोंगरातली बासरी ज्या लयीत वाजते त्या लयीत ब्युनोस आयर्सची फॅशनेबल पोरं गातायत. त्याचा व्हिडिओ आल्फ्रेदो लोइस म्हणून त्यांच्या कॉलेजच्या दोस्तानंच काढला, हुहुय प्रांतात तिल्कारा गावाबाहेर जे जुनं पुकारा आहे, इंकांच्याही आधीच्या लोकांचा डोंगरावरचा किल्ला, तिथं. मी तिकडं गेले होते, सुमारे अडीच हजार मीटर उंच, चढताना दम लागतो, सगळीकडं दगडी भिंती आणि माणसापेक्षा उंच निवडुंग. वर एक शाळेची सहल आली होती, त्यातल्या दोन पोरींनी भिंतीजवळ उभं राहून त्या व्हिडिओतल्यासारखं करून एकमेकींचे फोटो काढले. त्या गाण्याच्या वेळी त्यांच्या आयासुद्धा शाळेत असतील बहुतेक.

आता मुद्द्याचं. तू म्हणशील चांगले बँड तर प्रत्येक देशात असतात, मग ह्यांचंच नाव अख्ख्या खंडात का. मी इथं आल्यापासून लोकांना हेच विचारत असते आणि माझं मत असं झालंय की हे लोक मोठे झाले ते फिरले म्हणून. गाणी चांगली होतीच, पण त्यांच्या आधी अर्जेंटिनाचा रॉक बहुतेक अर्जेंटिनातच राहायचा, मेक्सिकोचा मेक्सिकोत, भाषा सगळ्यांची एक असूनसुद्धा. मोठे इंग्लिश बँड इकडं फारसे येत नव्हते. आणि हे तिघं 1986 च्या शेवटी सिग्नोस ही रेकॉर्ड काढून थेट निघाले, चिले, पेरू, मग पुढं एक्वादोर, कोलंबिया, व्हेनेझुएला, मध्य अमेरिकेतले छोटे देश, शेवटी मेक्सिको. कुठं साउंड सिस्टिम धड नाही, कुठं बॉक्सिंगचा हॉल, कुठं फुटबॉलचं मैदान. तुमचा ऑर्केस्ट्रा जसा जत्रेजत्रेला जायचा, जनरेटर मिळाला तर मिळाला, स्टेज तिथं जाऊन बांधायचं, अगदी तसं, फक्त इथं गावांच्या जागी देश होते.

आणि तेव्हा हे देश काही सुखात नव्हते. चिलेमध्ये हुकूमशहा पिनोचे बसला होता. पेरूमध्ये बॉम्ब आणि अंधार, सेंदेरो लुमिनोसो संघटनेचे सशस्त्र बंडखोर विजेचे टॉवर उडवायचे आणि अख्खं लिमा शहर काळोखात जायचं. माझ्या टीममध्ये लिमाची एक बाई आहे, माझ्यापेक्षा बरीच मोठी, ती सांगते की त्या काळात कोणी आमच्याकडं यायला तयार नव्हतं आणि हे आले, परत परत आले, म्हणून ते आमचे. ती "आमचे" हे इतकं ठाम म्हणते की अर्जेंटिनाची पोरं तिच्याशी वाद घालत नाहीत. चिलेचा एक जण आहे तो तर म्हणतो की सोडाला मोठं आम्ही केलं. त्याचं कारण म्हणजे 1987 च्या फेब्रुवारीतला विन्या देल मारचा फेस्टिव्हल, समुद्रकाठच्या गावात होतो, टीव्हीवर सगळा देश बघतो. तिथल्या पब्लिकला लोक राक्षसच म्हणतात, आवडलं नाही तर भल्याभल्यांना शिट्ट्या मारून खाली उतरवतात. तिथं ह्यांनी चांदीची मशाल घेतली, ते तिथलं बक्षीस असतं, आणि मग जिथं जातील तिथं हॉटेलखाली पोरींची गर्दी, बेशुद्ध पडणं, पोलीस बंदोबस्त. त्याला तेव्हा सोडामानिया म्हणायचे.

एक वाईट गोष्टही त्याच वर्षी झाली, ती सांगायला हवी. मे 1987 मध्ये सान निकोलासला एका डिस्कोत कार्यक्रम चालू असताना गर्दीच्या वजनानं बाल्कनी कोसळली आणि पाच जण गेले. गर्दी वाढली की काय होतं हे तुम्ही लोकांनी जवळून बघितलंय, मी लहान असताना तू स्टेजवरून माइक हातात घेऊन लोकांना मागं सरका म्हणून ओरडायचास ते मला आठवतं.

मधल्या काळाचं भराभर सांगते. 1988 ला न्यूयॉर्कला जाऊन दोब्ले विदा रेकॉर्ड केली, प्रोड्यूसर कार्लोस आलोमार, डेव्हिड बोवीचा गिटारवाला, आणि तोही मूळचा प्वेर्तो रिकोचा म्हणजे स्पॅनिश बोलणारा. त्यातलं एन ला सिउदाद दे ला फुरिया हे ह्या शहरावरचं गाणं आहे, संध्याकाळी इथल्या उंच इमारतींच्या मधून चालताना माझ्या कानात तेच असतं. मग 1989 ला इथं महागाई अशी भडकली की दुकानदार दिवसातून दोन दोनदा भाव बदलायचे, लोकांनी दुकानं लुटली, सरकार मुदतीआधी गेलं. आणि त्यानंतर 1990 ला ह्यांनी कान्सिओन आनिमाल काढली जी माझ्या मते त्यांची सगळ्यात दमदार रेकॉर्ड. नट्टापट्टा गेला, सिंथेसायझर मागं गेला, गिटार पुढं आली. कोरिएन्तेस रस्त्यावर ग्रान रेक्स म्हणून जुनं भव्य थिएटर आहे, तीन हजारांवर खुर्च्या, तिथं त्यांनी चौदा शो केले. आणि 14 डिसेंबर 1991 ला नुएवे दे हुलिओ ह्या रस्त्यावर फुकट कार्यक्रम केला. तो रस्ता म्हणजे सिग्नलला एका दमात पार होत नाही इतका रुंद, मध्ये ओबेलिस्क नावाचा उंच स्तंभ, वर्ल्ड कप जिंकला तेव्हा टीव्हीवर जी गर्दी दाखवली ती तिथलीच. त्या रात्री अडीच लाख लोक होते असा अंदाज सांगतात. माझ्या घरमालकीणबाई त्यात होत्या. त्या म्हणतात की आम्हाला स्टेज दिसतच नव्हतं, पण गाणं पुढून मागं येत होतं आणि मागचे लोक ते अर्ध्या ओळीनं उशिरा गात होते, त्यामुळे एकच गाणं दोनदा ऐकू यायचं. आवाजाचा हा प्रकार तुला मोठ्या मैदानात माहीतच असेल.

आणि एवढ्या लाटेवर असताना त्यांनी काय करावं, तर 1992 ला दिनामो काढली, गिटारच्या आवाजाच्या भिंतीत गाणं बुडवून टाकलेली. लोकांना कान्सिओन आनिमालमधल्या दे मुसिका लिहेरा ह्या गाण्यासारखंच अजून एक पाहिजे होतं, ते त्यांनी दिलं नाही. त्यातच रेकॉर्ड कंपनी बदलायचं चाललेलं, जुन्या कंपनीनं तिच्यासाठी फारसं काही केलं नाही, खप कमी झाला. पण मामा मला ह्याच गोष्टीसाठी ते सगळ्यात जास्त आवडतात. ह्या रेकॉर्डच्या कार्यक्रमांना त्यांनी आपल्या आधी नवीन पोरांचे बँड वाजवायला ठेवले, त्यातलाच बाबासोनिकोस पुढं इथला केवढा मोठा बँड झाला. ज्याच्या नावावर गर्दी येते त्यानं नवीन पोरांना त्या गर्दीसमोर उभं करणं, हे किती जण करतात ते तू मला सांग. आज तिशीतले इथले संगीतवाले दिनामोचंच नाव आधी घेतात.

पुढं 1994 ला झेटाचा लहान मुलगा अपघातात गेला. बँड थांबलाच होता, सगळ्यांना वाटलं आता संपलं. तरी 1995 ला सुएन्यो स्टिरिओ आली, शांत, समजूतदार, व्हायोलिन वगैरे असलेली, आणि 1996 ला एमटीव्हीसाठी ते मायामीला बसून वाजवले, त्यात कोलंबियाची आंद्रेआ एचेवेरी सिउदाद दे ला फुरिया गायला आली. तिच्या त्या घोगऱ्या आवाजात ते गाणं संथ होऊन असं काही बदललंय की बोगोताच्या लोकांना ते आपलंच शहर वाटतं. माझ्या ओळखीत एक बोगोताचा मुलगा आहे, त्याला मूळ गाणं नंतर कळलं.

मग 20 सप्टेंबर 1997, रिव्हर प्लेटचं स्टेडियम, शेवटचा कार्यक्रम. भांडून फुटले असं लोक म्हणतात, थकले होते हे तर दिसतंच. त्याचं पूर्ण रेकॉर्डिंग आहे. शेवटच्या गाण्याच्या अखेरीला संगीत चालू असतानाच सेराती बोलतो, की तुमच्याशिवाय आम्ही कोणी झालो नसतो, आणि सुरुवातीपासून जी माणसं आमच्या आजूबाजूला राहिली, काही आजही आहेत, त्यांच्याशिवायही. आणि मग ओरडतो, ग्रासिआस तोतालेस, म्हणजे संपूर्ण आभार. हे दोन शब्द इथं भिंतींवर आहेत, टी-शर्टवर आहेत, कोणी नोकरी सोडून चालला की केकवर लिहितात. पण लोकांना ते दोन शब्दच पाठ आहेत, मला त्याच्या आधीचं वाक्य जास्त महत्त्वाचं वाटतं. साठ-सत्तर हजार लोकांसमोर निरोपाच्या क्षणी त्या माणसाला सामान वाहणारे, वायरी जोडणारे, आवाज लावणारे आठवले. तू ते बघशील तेव्हा मला फोन कर.

दहा वर्षांनी 2007 ला ते तिघं मिळून एकदाच परत आले. रिव्हरमध्ये सहा वेळा, आणि सगळा दौरा धरून दहा लाखांहून जास्त तिकिटं गेली म्हणतात. नवीन गाणं एकही केलं नाही, ठरवलेलं तेवढं वाजवलं आणि परत आपापल्या घरी. सेरातीची स्वतःची गाणी तोपर्यंत जोरात चालली होती (तुला शकीरा माहीत आहे, तिच्या 2005 च्या स्पॅनिश रेकॉर्डमध्येही तो आहे). 15 मे 2010 ला काराकासमध्ये कार्यक्रम संपवून तो स्टेजमागं आला आणि त्याला स्ट्रोक आला. पन्नास वर्षांचा होता. तिथून पुढं चार वर्षं कोमात. त्याची आई लिलियान क्लार्क त्याच्याजवळ जायची, आणि पत्रकारांनी विचारलं की सांगायची, तो उठेल. इथल्या कोणाही पन्नाशीतल्या बाईसमोर तिचं नाव काढलं की डोळे भरतात. 4 सप्टेंबर 2014 ला तो गेला. शहराच्या विधानभवनात त्याला ठेवलं होतं, पाऊस असूनही रांग लागली, आणि त्या रांगेत लोक रडत नव्हते तर गात होते असं सगळे सांगतात. चाकारितामध्ये पुरलंय, जिथं टँगोवाला कार्लोस गार्देल आहे तिथंच.

राहिलं काय म्हणशील तर खूप राहिलंय. त्यांनी जो रस्ता पाडला त्यावरून नंतर सगळे गेले, मेक्सिकोचे बँड दक्षिणेत यायला लागले, कोलंबियाचे उत्तरेला गेले, आता तर ते इतकं नेहमीचं झालंय की आधी तसं नव्हतं हे तरुणांना सांगितलं तरी पटत नाही. आमच्या ऑफिसात सहा-सात देशांची माणसं आहेत, खाणं वेगळं, बोलायची पद्धत वेगळी, फुटबॉलवरून तर अबोला धरतात. पण शुक्रवारी कोणाच्या घरी आसादो असला, म्हणजे अंगणात निखाऱ्यावर मांस भाजतात ते, मी आपली भाजलेलं वांगं आणि चीज खाते, तर रात्री कोणीतरी गिटार काढतं आणि सोडाचं गाणं आलं की सगळ्यांना सगळे शब्द येतात. मलाही आता बरेच येतात.

तुझ्यासाठी दे मुसिका लिहेराचे कॉर्ड लिहिते. बी मायनर, जी, डी, ए, बहुतेक सगळं गाणं ह्या चारच कॉर्डवर फिरतं. सुरुवातीला गिटार एकटी येते, मग ड्रम्स. चार्लीचं वाजवणं साधं सरळ आहे, उगाच कुठं कलाकुसर नाही, पण झेटाचा बेस त्याच्याशी असा चिकटून चालतो की एक बोट आत जाणार नाही. तू ऑक्टोपॅड धर, बंड्याला की-बोर्डवर बेस वाजवायला सांग, आणि दिवाळीत जमाल तेव्हा एकदा करून मोबाइलवर रेकॉर्ड करून पाठव. मी इथं ऑफिसात ऐकवणार आहे, लिमाच्या बाईला मी तुझ्याबद्दल आधीच सांगून ठेवलंय आणि ती वाट बघतेय.

बाकी इथं थंडी संपत आली, जॅकरांदाच्या झाडांना फुलं यायला अजून वेळ आहे. मामीचा गुडघा कसा आहे, डॉक्टरांनी सांगितलेले व्यायाम करते का नाही ते खरं खरं कळव. आजीला माझा नमस्कार सांग आणि तिनं दिलेलं मेतकूट संपलंय हेही सांग, कोणी इकडं येणारं असलं तर पाठवा. आईला हे पत्र दाखवलंस तरी चालेल पण सगळं वाचून दाखवू नको, कोमाचं वगैरे वाचून ती उगाच काळजी करत बसेल.

तुझी भाची